वेल्वल सोडून

मॉन्ट्रियलमध्ये सेंट लॉरेन्स रस्त्यावर पेसिया लामेटचं बटणांचं दुकान होतं. दुकान कसलं, दोन भिंतींमधली फट. आत दोन गिऱ्हाइकं शिरली की तिसऱ्यानं बाहेर बर्फात उभं राहायचं. छतापर्यंत खणांची कपाटं, प्रत्येक खणाच्या तोंडावर नमुन्याचं एकेक बटण शिवलेलं, आणि त्यांच्या मधोमध उंच स्टुलावर ही बाई. लहानखुरी, केस मागे घट्ट बांधलेले, तोंडात टाचण्या. टाचण्या तोंडात ठेवूनच ती बोलायची. टाचणी कधी पडली नाही आणि शब्दही कधी सांडला नाही.

ज्यूंच्या यिडिश बोलीत नाटकं करणाऱ्या आमच्या मंडळीचे कपडे तीच शिवायची. मंडळी म्हणजे दिवसा पोटासाठी धावणारी आणि संध्याकाळी राजेराण्या होणारी माणसं. आमचा दिग्दर्शक नोखेम दिवसभर कारखान्यात फर कापायचा. तालमीला यायचा तेव्हा त्याच्या भुवयांवर कोल्ह्याचे केस असायचे. मी बेकरीची गाडी चालवायचो. आमची नायिका फ्रादल टोप्या विकायची, पण तसं कुणी म्हटलेलं तिला खपत नसे. "मी टोप्या विकत नाही, बेरिश," ती मला बजावायची, "मी टोप्यांना डोकी मिळवून देते."

पेसिया आमची प्रॉम्प्टरही होती. तेही एक नाटकच. आमच्या रंगमंचाच्या पुढच्या कडेला मधोमध एक खड्डा होता, वर अर्धगोल झाकण. प्रॉम्प्टरनं संहिता घेऊन त्यात बसायचं. डोळे नटांच्या पायांच्या पातळीला. आधीची बाई कंबर धरून बाहेर आली ती पुन्हा काही आत गेली नाही. मापं घ्यायला आलेल्या पेसियाला नोखेमनं सहज विचारलं, "तू बसून बघतेस का गं?" ती उतरली, चारी बाजूंना हात लावून पाहिला आणि खालून म्हणाली, "ऐसपैस आहे."

आम्ही पोट धरधरून हसलो. ती विनोद करत नव्हती हे कळायला पुष्कळ वर्षं जावी लागली.

तिची कुजबुज मात्र पहिल्या दिवसापासून चमत्कार होती. नाटकवाल्यांची कुजबुज म्हणजे दबका आरडाओरडा. शेवटच्या रांगेतला माणूसही नटाच्या आधी वाक्य म्हणून टाकतो. पेसियाचा शब्द सरळ ज्याचा त्याच्या कानात जायचा आणि पहिल्या रांगेला पत्ता लागायचा नाही. "कुठं शिकलीस?" विचारलं तर म्हणायची, "लहानपणी."

तिचं लहानपण आम्हाला फारसं ठाऊक नव्हतं. पोलंडमधल्या झाव्रोत गावची. दुसरं महायुद्ध संपल्यावर अनाथ मुलांचं जहाज इकडे आलं त्यातून बारा वर्षांची असताना उतरली. माझे आईबापही झाव्रोतचेच, पण ते मला कडेवर घेऊन युद्धाच्या आधीच इथं आले होते, म्हणून मी वाचलो आणि म्हणून मला विचारायला तोंड नव्हतं. पुढे तिनं हर्शल लामेट नावाच्या शिंप्याशी लग्न केलं आणि तिला मुलगा झाला.

आम्हा ज्यूंच्यात मुलाला गेलेल्या माणसाचं नाव देतात. जिवंत माणसाचं कधीच नाही. ते त्याच्या आयुष्याला कात्री लावण्यासारखं. पेसियाच्या मुलाच्या नाव ठेवण्याच्या दिवशी हेनेख आला होता. हेनेख म्हणजे आमच्या झाव्रोतकर मंडळाचा अध्यक्ष. लोणच्यांचं दुकान होतं त्याचं. माणूस यायच्या आधी खाऱ्या काकड्यांचा वास यायचा. दर एप्रिलमध्ये स्मरणाच्या संध्याकाळी गावातल्या, नाझींनी मारलेल्या माणसांची नावं तोच वाचायचा आणि मग काद्दिश, मृतांसाठीची प्रार्थना, तोच म्हणायचा. त्या यादीत त्याच्या स्वतःच्या दोन मुलीही होत्या. त्यांची नावंही तो इतरांच्याच चालीत वाचायचा.

तर हातात मधाच्या केकचा तुकडा घेऊन हेनेख पेसियाला म्हणाला, "तुझा एक धाकटा भाऊ होता ना गं? त्याचं नाव ठेव की."

पेसियानं त्याच्या हातातला केक काढून घेतला. "जिवंत माणसाचं नाव ठेवतात?"

"जिवंत?"

"मेलेला पाहिलात तुम्ही?"

"मी कसा पाहणार? मी तेव्हा—"

"मीही नाही पाहिला," असं म्हणून तिनं केक परत दिला. "खा. आणखी आहे आत."

मुलाला तिनं आपल्या गेलेल्या बापाचं नाव दिलं. वाचायच्या यादीसाठी आई, बाप, दोन्ही आज्या, आत्या अशी सगळी नावं तिनं कधीच देऊन टाकली होती. भावाचं दिलं नाही. भावाचं नाव काय, हेसुद्धा आमच्यात कुणाला माहीत नव्हतं.

त्या स्मरणाच्या संध्याकाळी आमची मंडळी दर वर्षी एक नाटक करायची. खरं सांगू? दर वर्षी तेच. मी दाढी लावून धर्मगुरू व्हायचो आणि लांबलचक भाषण करून मरायचो. फ्रादल आई व्हायची आणि माझ्यापेक्षा लांब भाषण करून मरायची. लोक रडायचे, कारण ते रडायलाच आलेले असायचे. मागच्या बाकांवर आमच्या शाळेतली मुलं जांभया द्यायची.

एकाहत्तर साली फेब्रुवारीत मी त्या धर्मगुरूच्या कोटाचं बटण बदलायला पेसियाच्या दुकानात उभा होतो. तिथं हिंदे आली. बेकरीवाल्याची नात, नऊ वर्षांची, नाकाचा शेंडा थंडीनं लाल झालेला. तिला आईसाठी कसलीशी बटणं हवी होती. बटणं निघेपर्यंत गप्प बसेल तर ती हिंदे कसली.

"पेसियामावशी, तुम्ही तेव्हा केवढ्या होता?"

"सहा वर्षांची."

"माझ्यापेक्षा लहान! मग तुम्ही काय पाहिलंत?"

मी हिंदेला डोळ्यांनी दटावलं. हा प्रश्न आमच्या वस्तीत कुणी कुणाला विचारत नसे. पण पेसियानं तोंडातल्या टाचण्या एकेक करून काढल्या, गादीत खोचल्या आणि थोडा विचार करून म्हणाली, "पाय."

आणि मग ती सांगायला लागली. मी बटण विसरलो.

ब्रोन्का नावाच्या एका पोलिश शेतकरणीनं बहीणभावाला आपल्या बदकांच्या खुराड्याखाली लपवलं होतं. वर फळ्या, खाली खणलेला खड्डा, आणि फळी न् जमीन यांच्यामध्ये एक आडवी फट. त्या फटीतून दिसायचे ते गुडघ्याखालचे पाय. ब्रोन्काच्या लाकडी खडावा. पाद्रीबाबांचे चिखलाचे जोडे. कधीकधी जर्मनांचे चकचकीत बूट. सहा वर्षांच्या मुलीनं सगळं युद्ध असं पाहिलं. भाऊ तीन वर्षांचा, त्याला गप्प कसं ठेवायचं? तिनं एक नियम केला: बदकं बोलली की आपण बोलायचं, बदकं गप्प की आपण गप्प. पोरगं हुशार. रडू आलं तरी धरून ठेवायचं, आणि वर बदकांनी गलका केला की तेवढ्यात रडून घ्यायचं. होता होता तो बदकांसारखंच बोलायला लागला. भूक लागली, पॅक. पाठ खाजतेय, पॅक पॅक. सरक तिकडे, पॅक. तिला सगळं कळायचं.

"मग मजा यायची का?" हिंदेनं विचारलं.

मला वाटलं, आता ही दुकान बंद करते. पेसिया म्हणाली, "हो. कधीकधी फार."

मी त्याच संध्याकाळी नोखेमला गाठलं. नोखेमनं दुसऱ्या दिवशी पेसियाला गाठलं. तिनं पुष्कळ आढेवेढे घेतले, पण हिंदे रोज शाळा सुटल्यावर दुकानात येऊन "मग पुढे?" म्हणून बसायची, आणि त्या पोरीपुढे तिचं काही चाललं नाही. ती शिवता शिवता सांगायची, नोखेम लिहून घ्यायचा. तिच्या अटी दोन. फटीतून दिसलं तेवढंच दाखवायचं. आणि भावाला नाटकात नाव द्यायचं नाही, नुसतं 'लहान्या'.

"पण खरं नाव काय त्याचं?" नोखेमनं विचारलं.

"आईनं सांगितलंय, त्याचं नाव कुणापुढे काढायचं नाही."

"कधी सांगितलं?"

"ब्रोन्काकडे सोडून गेली तेव्हा. म्हणाली, नाव ऐकलं की ओळखतील. मी परत येऊन सांगेन तोवर नाही."

नोखेमनं कागदावर नुसतं 'लहान्या' लिहिलं. आई परत आली नव्हती, हे काय त्याला ठाऊक नव्हतं?

फटीतून दिसलं तेवढंच रंगमंचावर कसं दाखवायचं? नोखेमनं युक्ती काढली. पुढे, प्रेक्षकांच्या अगदी जवळ, मुलं पालथी पडलेली. ती पूर्ण दिसणार. त्यांच्या मागे मोठा पडदा फक्त गुडघ्यापर्यंत वर करायचा. सगळं नाटक त्या पट्टीत. बाकीच्या नटांचे नुसते पाय.

फ्रादलला ब्रोन्काचं काम होतं. तिनं पहिल्याच तालमीत आकांत मांडला.

"वीस वर्षं मी हा चेहरा कमावला, नोखेम, आणि तू लोकांना माझे घोटे दाखवणार?"

"घोटे बोलके आहेत तुझे."

"बेरिश, ऐकलंस? घोटे बोलके! आणि हे," तिनं स्वतःच्या तोंडावरून हात फिरवला, "हे मुकं?"

"फ्रादल," खड्ड्यातून पेसियाचा आवाज आला, "ब्रोन्का उजवा पाय ओढत चालायची. दारात आली की आधी डाव्या पायानं बदकांना बाजूला सारायची. हळूच. कधी लाथ मारली नाही."

फ्रादलनं वाकून आपल्या उजव्या पायाकडे पाहिलं. दुसऱ्या दिवसापासून तिचा उजवा पाय असा ओढला जायला लागला की तिच्या दुकानातली गिऱ्हाइकं डॉक्टर सुचवायला लागली.

मुलीचं काम हिंदेचं. लहान्याचं काम तिच्या धाकट्या भावाचं, योसलचं. चार वर्षांचा, गोबरा, तोंडात सतत काहीतरी. त्याला शिकवायला काही लागलं नाही. 'पॅक' म्हणायचं आणि खसखशीचा केक मिळवायचा, एवढा करार. आम्ही बाकीचे बाप्ये विंगेत उभे राहून बदकं व्हायचो. मी धर्मगुरू म्हणून बारा वर्षं मेलो, पण तेवढी मेहनत मी त्या कामाला कधी घेतली नव्हती.

भांडण झालं ते शेवटावरून.

पेसियानं सांगितलेला शेवट असा: एका सकाळी एक गाडी आली. दोघांना ठेवणं ब्रोन्काला झेपेना. शेजारी चौकशा करायला लागले होते. लहान्याचे केस पिवळे, तो कुणाच्याही घरात खपला असता. त्याला ती नदीपलीकडच्या एका बाईकडे पाठवणार होती. पेसियानं फटीतून पाहिले त्याचे अनवाणी पाय, मग ते पाय वर उचलले गेले, मग चाकं फिरली. संपलं. युद्धानंतर नदीपलीकडच्या त्या गावात कुणीच उरलं नव्हतं. माणसं दुसरीकडे हलवलेली, घरं जळलेली. पेसियानं शोध घ्यायचा तेवढा घेतला. काही कळलं नाही.

"हा शेवट नाही होत," नोखेम म्हणाला. तालीम संपली होती, आम्ही कडेला बसून काचेच्या पेल्यांतून चहा पीत होतो. "पेसिया, रागावू नकोस. लोक घरी जाताना म्हणतील, पोरगं सुटलं बरं. किती पोरं सुटली गं? हे खोटं नाही का व्हायचं?"

"मी सगळ्या पोरांचं सांगत नाही. मला एकच फट होती."

"एक गोळीचा आवाज. लांबून. फक्त एक. बाकी काही नको."

"मला ऐकू आला नाही."

"तुला नाही, पण—"

"तू म्हणालास ना, पोरीच्या डोळ्यांनी दाखवू? मग तिचे डोळे घे. तुझं डोकं त्यात घालू नकोस." तिचा आवाज चढला नव्हता. साखरेचा खडा तिनं दातांत धरला होता तो तसाच होता. "एवढी वर्षं मी त्याला मारला नाही, नोखेम. आणि तू रविवारी साडेआठ वाजता मारणार?"

फ्रादलनं पेला खाली ठेवला. नोखेम भुवईवरचे केस काढत बसला. मग म्हणाला, "बरं. पण मग संपलं हे लोकांना कळायचं कसं?"

"नाही कळणार," पेसिया म्हणाली. "मला कळलं का?"

एप्रिलचा रविवार उजाडला. रस्त्यात वितळलेल्या बर्फाचा काळा चिखल, सभागृहाच्या दाराशी रबरी बुटांचा ढीग. आमचे प्रेक्षक म्हणजे घरचीच माणसं. पिशवीत राय ब्रेड आणि हेरिंग मासा, तोंडात सल्ले. नट चुकला तर खालून दुरुस्त करायचे, नट रडला तर रुमाल द्यायचे.

पडदा गुडघ्यापर्यंत वर गेला आणि तिथंच थांबला. "अडकला रे!" कुणीतरी ओरडलं. "अरे, वर ओढा!" मग फ्रादलच्या खडावा आल्या, उजवा पाय ओढत. डाव्या पायानं तिनं न दिसणारी बदकं बाजूला सारली. आणि पुढे पालथ्या पडलेल्या हिंदेनं योसलच्या तोंडावर हात ठेवला. सभागृहातलं हेरिंगही वास द्यायचं थांबलं.

चकचकीत बूट येतात तो प्रवेश होता. बूट इकडून तिकडे जातात, फळ्यांवर टाच आपटतात. बदकं भेदरून ओरडतात आणि एक बदक नेमकं त्या चकचकीत बुटावर घाण करतं. आम्ही वरून पातळ पिठाचा गोळा सोडायचो. खालची दोन पोरं एकमेकांच्या तोंडात मुठी कोंबून हसतात. आवाज नाही, नुसती अंगं गदगदताहेत. तालमीत मला भीती होती: या माणसांपुढे, या दिवशी, हसणं? मग तिसऱ्या रांगेतून एका म्हातारीचं घोगरं हसू आलं. तिनं स्वतःच तोंडावर हात ठेवला, पण तोवर शेजारीण फुटली होती. मग सगळं सभागृह हसलं, आणि हसता हसता लोक एकमेकांकडे बघत होते, जणू परवानगी कुणी दिली ते विचारत होते.

मग गाडी. गाडीवान मी. माझे बूट आणि एक चाक, एवढंच दिसणार. हिंदेनं योसलच्या कानात सांगितलं, "वर गेलास ना, की मोठ्यानं बोललास तरी चालेल."

"पोरी, सोडू नकोस त्याला!" खालून एक बाई ओरडली. "घट्ट धर!"

हिंदे एकदम गोंधळली. वाक्य विसरली. खड्ड्यातून पेसियाची कुजबुज गेली असणार, कारण पोरीनं मान हलवली आणि हात सोडला. योसलचे गुबगुबीत अनवाणी पाय त्या पट्टीत आले, मी खाली वाकून त्याला उचललं, आणि पाय वर, पडद्याआड. चाक फिरलं. विंगेत पोचल्यावर मी कडेवरच्या योसलला खूण केली. त्यानं तोंडातला केक गिळला आणि ठरल्याप्रमाणे एकदाच, मोकळ्या आवाजात म्हणाला, "पॅक."

आमच्या बदकांनी उत्तर दिलं. अंधार.

त्या अंधारात टाळी नाही, हुंदका नाही. मग एक खुर्ची सरकली आणि हेनेखचा आवाज आला. रिवाज असा की नाटकानंतर आधी नावं वाचायची आणि मग काद्दिश. पण त्या दिवशी तसं झालं नाही. नावं राहिली बाजूला, त्यानं एकदम काद्दिशच सुरू केली. अंधारात धडाधड खुर्च्या वाजल्या, सगळे उभे राहिले. पहिलं 'आमेन' आलं. लहान्यासाठी. आमच्या लोकांना गाडीचा अर्थ कुणी सांगायला लागत नाही.

"बसा!"

दिवे लागले होते. प्रॉम्प्टरच्या खड्ड्याचं झाकण बाजूला पडलं होतं आणि पेसिया कमरेपर्यंत वर आली होती, जमिनीतून उगवल्यासारखी. इतकी वर्षं ती आमच्याबरोबर नाटक करत होती, पण प्रेक्षकांनी तिचा आवाज पहिल्यांदा ऐकला. खरखरीत, न वापरलेला.

"थांबा, हेनेख. कुणासाठी म्हणताय?"

"कुणासाठी म्हणजे?" हेनेख गडबडला. "त्या पोरासाठी. सगळ्यांसाठी."

"त्या पोरासाठी नाही. तो गाडीत बसून गेला. आत्ता तुमच्यादेखत गेला. मेलेला पाहिला कुणी?"

मागून एक माणूस हळूच म्हणाला, "बाई, आम्हीही तिथूनच आलोय. आम्हाला ठाऊक आहे."

"तुम्हाला असेल. मला नाही."

नोखेम विंगेतून पुढे जायला निघाला, मी त्याचा कोट धरला. हेनेखनं टोपी पुढे ओढली, मागे सारली. वाईट माणूस नव्हता तो. म्हणाला, "हे बघ पेसिया. प्रार्थना अर्ध्यावर टाकता येत नाही. एवढी माणसं उभी आहेत. मी झाव्रोतच्या सगळ्यांसाठी म्हणतो, तुझ्या भावाला वगळून. मग तर झालं?"

"झालं."

"मग नाव सांग त्याचं."

"कशाला?"

"वगळायचं कुणाला ते सांगायला नको? वरच्याला काय सांगू मी, बटणवालीचा भाऊ सोडून? बटणवाल्या काय थोड्या आहेत?"

कुणीतरी हसलं, कुणीतरी त्याला गप्प केलं. पेसिया खड्ड्याची कड धरून उभी राहिली. आई अजून परत येऊन सांगून गेली नव्हती. मी विंगेतून पाहत होतो. योसल माझ्या कडेवर जड झाला होता, पण त्याला खाली ठेवायचं मला सुचलं नाही. फार वेळ गेला. रंगमंचावर एवढा वेळ कुणी गप्प राहिलं तर आम्ही विंगेतून वाक्य पुरवतो. हे वाक्य कुणाजवळच नव्हतं.

मग तिचे ओठ हलले. आम्हाला काही ऐकू आलं नाही. पहिल्या रांगेलाही नाही. हेनेखला मात्र गेलं असावं, कारण त्याचा चेहरा बदलला.

"मोठ्यानं, पेसिया," तो म्हणाला. "इथं बदकं नाहीत. मोठ्यानं बोललीस तरी चालेल."

"वेल्वल," पेसिया म्हणाली. आणि पुन्हा, मोठ्यानं, "वेल्वल."

हेनेखनं मान डोलावली, सभागृहाकडे पाठ करून पूर्वेला तोंड केलं. "झाव्रोतच्या सगळ्यांसाठी," तो म्हणाला, "वेल्वल सोडून." आणि काद्दिश पहिल्यापासून सुरू केली. लोकांनी आमेन म्हटलं. कमरेएवढ्या खड्ड्यात उभं राहून पेसियानंही म्हटलं, आईसाठी, बापासाठी, आज्यांसाठी, आत्यासाठी.

नंतर चहा झाला. फ्रादल सगळ्यांना विचारत फिरत होती, "घोटे दिसले का?" तिसऱ्या रांगेतली म्हातारी योसलला केक भरवत होती. नोखेम दोन पेले घेऊन पेसियाजवळ जाऊन बसला.

"कळलं का लोकांना, संपलं ते?" तिनं विचारलं.

"नाही," तो म्हणाला.

"मग चांगलं झालं नाटक."

त्यानंतर दर एप्रिलमध्ये तसंच. हेनेख सगळी नावं वाचायचा, आपल्या दोन्ही मुलींची वाचायचा, आणि काद्दिशच्या आधी म्हणायचा, "वेल्वल सोडून." ते शब्द आले की पेसिया खुर्चीत जरा सरळ होऊन बसायची. आपल्या घरचं कुणी रांगेत आहे की नाही ते बघून घ्यावं, तशी. गंमत बघा: त्या सबंध यादीत एवढं एकच नाव जिवंत माणसाचं, आणि लहान मुलं घरी जाऊन तेवढंच लक्षात ठेवायची.

हेनेख गेला. नोखेम, फ्रादल गेले. पेसियाही गेली, एका हिवाळ्यात, झोपेत, तक्रार न करता. आता झाव्रोतकर मंडळ म्हणजे म्हाताऱ्यांच्या निवासातल्या एका खोलीत जमणारी थोडी माणसं, आणि वाचायचं काम माझ्याकडे आलंय. नव्वदी ओलांडली, अक्षरं हलतात. म्हणून मी ते पेसियाच्या नातीला शिकवायला घेतलं. रुखल तिचं नाव. ती वकील आहे. साधा चहासुद्धा पुरावा मागून पिते.

"बेरिशआजोबा," परवा ती म्हणाली, "हे 'वेल्वल सोडून' आपण किती दिवस म्हणायचं? तो जिवंत असल्याचा काही पुरावा आहे?"

"मेल्याचा आहे?"

"आजीसारखं बोलू नका. वयाचं तरी बघाल की नाही? पंच्याऐंशी वर्षांचा असेल तो आता."

"मग?" मी म्हणालो. "आपण प्रत्येकाला काय आशीर्वाद देतो? एकशेवीस वर्षं जग. मला नव्वदाव्या वाढदिवसाला तूच दिलास. मला एक न्याय आणि त्याला दुसरा?"

ती हसली. वकील असली तरी पोरगी पेसियाचीच. "म्हणजे अजून पस्तीस वर्षं."

"निदान."

"तोवर मला वाचावं लागणार."

"म्हणूनच शिकवतोय. वाच."

तिनं कागद उचलला आणि वाचलं, पणजीपणजोबांपर्यंत नीट, मग शेवटचे शब्द घाईघाईनं पुटपुटली, लाजल्यासारखी. मी तिला थांबवलं. आयुष्य रंगमंचावर काढलं, तेवढं तरी मला कळतं.

"आधी श्वास घे," मी म्हणालो. "मग म्हण. शेवटच्या रांगेत बसलेल्यालाही ऐकू गेलं पाहिजे. कोण जाणे, कोण बसलेलं असेल."

तिनं श्वास घेतला.